चित्रांचा आवाज

दिव्याहून पनवेलकडे जाणाऱ्या लोहमार्गावर 'नावडे रोड' नावाचे एक लहानसे स्थानक लागते. पनवेल तालुक्यातील नावडे हे एके काळी भातशेतीचे गाव. आषाढात लावणीची धांदल, आश्विनात पिवळी पडलेली शेते आणि पुढे खळ्यावर रचलेली उडवी, असा येथील वर्षाचा क्रम असे. कालांतराने शेजारी तळोज्याची औद्योगिक वसाहत उभी राहिली, नवी मुंबईचे आखीव रस्ते गावाच्या कुशीपर्यंत येऊन पोचले आणि शेतांच्या जागी उंच इमारती दिसू लागल्या. आज गावठाणातील जुनी घरे आणि नव्या इमारतींतील बिऱ्हाडे ह्यांचे जीवन पुष्कळ बाबतींत निराळे आहे. परंतु तिन्हीसांजेला दिवे लागले, की दोन्हीकडून पुष्कळदा एकच आवाज कानी येतो. तो आवाज असतो एका निळ्या मांजराचा.

हे मांजर म्हणजे डोरेमॉन. त्याला कान नाहीत. ते उंदराने कुरतडले, असे त्याची कथा सांगते. पोटावर एक खिसा आहे आणि त्या खिशातून हवी ती अद्भुत वस्तू निघते. अभ्यासात मागे पडणाऱ्या, खेळात हरणाऱ्या आणि प्रत्येक संकटात रडत घरी येणाऱ्या नोबिता नावाच्या मुलाचा तो सखा आहे. 'फुजिको एफ. फुजिओ' ह्या टोपणनावाने प्रसिद्ध असलेले जपानी चित्रकार हिरोशी फुजिमोतो ह्यांनी त्याला १९६९ च्या अखेरीस मुलांच्या मासिकांतून जन्म दिला. दूरचित्रवाणीवर १९७९ मध्ये सुरू झालेल्या मालिकेने तो जपानच्या घराघरांत पोचला आणि २००५ पासून भारतातील मुलांशी तो हिंदीत बोलू लागला.

गावठाणातील एका घरात एक आजी सुपात तांदूळ निवडीत बसली होती. नात दूरचित्रवाणीपुढे रंगून गेली होती. आजीचे लक्ष अधूनमधून पडद्याकडे जाई. काही वेळाने तिने विचारले,

"काय गो, ही चित्रं बोलतात ती कोणाच्या तोंडानं?"

"आजी, ती जपानची आहेत," नात म्हणाली.

"जपानची, तर मग हिंदी कुठं शिकली?"

नात हसली, परंतु तिला उत्तर देता आले नाही. आजीनेही पुन्हा विचारले नाही. ती पुढचे सूप निवडू लागली.

प्रश्न साधा होता, आणि साध्या प्रश्नांची उत्तरे पुष्कळदा फार लांबून आणावी लागतात. चित्राला स्वतःचा आवाज नसतो आणि स्वतःची हालचालही नसते. ती दोन्ही त्याला कोणीतरी देतो. तो देणारा कोण, हे शोधू लागले, तर वाट टोकियोला जाते, तेथून मुंबईला येते, कल्याणवरून वळते आणि कोकणातील एका खेड्याच्या देवळाशी जाऊन पोचते.

आधी आवाजाचीच गोष्ट पाहावी. परभाषेतील चित्रपटाला आपल्या भाषेचा आवाज देणारे कलावंत एका बंद, निःशब्द खोलीत ध्वनिग्राहकासमोर उभे राहतात. समोर पडद्यावर पात्राचे ओठ हलत असतात. ओठ उघडताच बोलणे सुरू व्हावे, मिटताच संपावे आणि तेवढ्या वेळात अर्थही पुरा व्हावा, अशी ही कसरत असते. जपानी वाक्यात क्रियापद मराठी-हिंदीप्रमाणे शेवटी येते. त्यामुळे वाक्याचा कल काहीसा जुळतो. तरी राग, हसू, हुंदका आणि धाप ही भाषांतरित करता येत नाहीत. ती कलावंताला नव्याने आपल्या छातीतून काढावी लागतात. जपानात ह्या कलावंतांना 'सेइयू' म्हणतात आणि त्यांचा मोठा मान असतो. नोबुयो ओयामा ह्या अभिनेत्रीने १९७९ पासून २००५ पर्यंत, म्हणजे तब्बल सव्वीस वर्षे, जपानी डोरेमॉनला आपला आवाज दिला. जी मुले तो ऐकत मोठी झाली, त्यांचीही मुले तोच आवाज ऐकत वाढली.

हा आवाज कधीकधी किती जवळून आलेला असतो, ह्याचे एक मौजेचे उदाहरण आहे. इंग्रज लेखक रुडयार्ड किपलिंग ह्याचा जन्म १८६५ मध्ये मुंबईत झाला. त्याचे वडील तेथील जे. जे. कलाशाळेत शिक्षक होते. पुढे किपलिंगने मध्य भारतातील सिवनीच्या अरण्यात वाढलेल्या मोगली नावाच्या मुलाच्या कथा लिहिल्या. त्यांचे पुस्तक १८९४ मध्ये निघाले. जवळजवळ शंभर वर्षांनी, १९८९ मध्ये, जपानच्या 'निप्पॉन ॲनिमेशन' ह्या संस्थेने त्या कथांवर चलच्चित्रांची मालिका काढली. १९९३ मध्ये ती दूरदर्शनवर हिंदीत आली. गुलजार ह्यांनी तिच्यासाठी गीत लिहिले, विशाल भारद्वाज ह्यांनी त्याला चाल दिली, आणि क्रूर वाघ शेरखान ह्याचा आवाज होता नाना पाटेकर ह्यांचा. नाना पाटेकर मूळचे मुरूडचे, म्हणजे नावडे ज्या रायगड जिल्ह्यात आहे, त्याच जिल्ह्याचे. सिवनीचे अरण्य, मुंबईत जन्मलेला लेखक, जपानी कुंचले आणि कोकणी माणसाचा कंठ! एका वाघाच्या डरकाळीमागे इतका लांबचा प्रवास होता. आणि दर रविवारी ती ऐकून अंथरुणात पाय आखडून घेणाऱ्या मुलांना त्याचा पत्ताही नव्हता.

आवाजाचे हे असे. हालचालीची कथा ह्याहून कष्टाची आहे.

चित्रपटाच्या फितीवरून दर सेकंदाला चोवीस चित्रे डोळ्यांपुढून जातात. डोळ्याला ती सुटी दिसत नाहीत आणि हालचालीचा भास होतो. ही सारी चित्रे निरनिराळी काढायची ठरवली, तर एका मिनिटाला एक हजार चारशे चाळीस आणि वीस मिनिटांना अठ्ठावीस हजार आठशे चित्रे लागतील. दर आठवड्याला एवढी चित्रे कोण काढणार? जपानचे थोर चित्रकार ओसामु तेझुका ह्यांच्यापुढे हाच प्रश्न उभा होता. यंत्रबालकाची कथा सांगणारी त्यांची 'तेत्सुवान आतोमु' ही मालिका १ जानेवारी १९६३ रोजी सुरू झाली. हाताशी पैसा थोडा, माणसे थोडी आणि वेळ त्याहून थोडा. तेव्हा त्यांनी काटकसरीच्या युक्त्या योजल्या. एकच चित्र तीन चौकटींपर्यंत दाखवावे. पात्र बोलत असताना केवळ ओठ हलवावेत. धावण्याची, उडण्याची चित्रे जपून ठेवावीत आणि पुन्हापुन्हा वापरावीत. कधी चित्र स्थिर ठेवून त्यावरून कॅमेराच सरकवावा. ह्या युक्त्यांना आरंभी पुष्कळांनी नाके मुरडली. परंतु स्थिर चित्रातूनही भाव कसा दाखवावा, वाऱ्याने हलणारी केसांची एक बट किंवा पापणीची एक उघडझाप किती बोलकी असू शकते, हे जपानी चित्रकार ह्या टंचाईतूनच शिकले. पुढे जगाने त्यांची जी शैली म्हणून ओळखली, तिच्यात ह्या काटकसरीचा वाटा मोठा आहे.

तरीही चित्रे हजारोंनी लागतात, आणि ती काढणाऱ्यांत दोन पायऱ्या असतात. अनुभवी चित्रकार हालचालीतील मुख्य चित्रे काढतो: हात खाली आहे, हात वर आहे. त्या दोहोंच्या मधली चित्रे नवशिका चित्रकार काढतो. हात थोडा उचलला, आणखी थोडा उचलला, अर्ध्यावर आला. रेषेची जाडी बदलता कामा नये, चेहऱ्याचे माप चुकता कामा नये आणि आपल्या हाताची खूण कोठेही उरता कामा नये. ह्या मधल्या चित्रांचा मोबदला पुष्कळ ठिकाणी चित्रागणिक दिला जातो आणि तो फार थोडा असतो. कित्येक तरुण मोठ्या हौसेने ह्या व्यवसायात येतात आणि पोट भरत नाही म्हणून थोड्या वर्षांत तो सोडून जातात. ज्या उद्योगाने जपानचे नाव जगभर नेले, त्याच्या पायाशी ही दुःखाची गोष्ट आहे, आणि ती जपानी लोक स्वतःच आज उघडपणे बोलून दाखवितात.

सर्वच संस्था मात्र अशा नाहीत. क्योतो येथील 'क्योतो ॲनिमेशन' ह्या संस्थेने चित्रागणिक पैसे देण्याऐवजी आपल्या चित्रकारांना पगारावर नेमले आणि आपल्याच प्रशाळेत त्यांना शिकविले. १८ जुलै २०१९ रोजी एका माणसाने त्या संस्थेच्या इमारतीला आग लावली. तीत छत्तीस माणसे मृत्युमुखी पडली. त्यांत कित्येक तरुण चित्रकार होते. ही वार्ता कळताच देशोदेशींहून मदतीचा ओघ सुरू झाला आणि तीनशे कोटी येनहून अधिक रक्कम गोळा झाली. मदत पाठविणाऱ्यांपैकी बहुतेकांनी त्या चित्रकारांना कधी पाहिलेले नव्हते. त्यांनी पाहिली होती ती केवळ त्यांच्या हातची चित्रे. पात्रांवर प्रेम करणाऱ्यांना पात्रांमागच्या माणसांची ओळख अशी दुःखाच्या क्षणी पटली.

पडद्याआड राहून काम करण्याची रीत जपानात नवी नाही. बुनराकु नावाच्या तेथील कळसूत्री नाट्यात एका मोठ्या बाहुलीला तीन माणसे हलवितात. मुख्य कलावंत तिचे मस्तक आणि उजवा हात सांभाळतो, दुसरा डावा हात आणि तिसरा पाय. दुसरा आणि तिसरा डोक्यापासून पायांपर्यंत काळी वस्त्रे घालतात. त्यांचा चेहराही झाकलेला असतो. बाहुलीचे पाय नीट चालविण्यास शिकायला सुमारे दहा वर्षे आणि डाव्या हातासाठी आणखी दहा वर्षे, अशी परंपरा सांगतात. बाहुल्यांच्या वतीने बोलणारा कलावंत एकच असतो. तो राजाही होतो आणि दासीही होतो, म्हाताराही होतो आणि तान्हे मूलही. शामिसेन ह्या तीनतारी वाद्याची साथ मिळताच तो पोथी दोन्ही हातांनी कपाळाशी नेऊन तिला वंदन करतो आणि मगच पहिला शब्द उच्चारतो.

एका कंठातून अनेक पात्रे बोलविणारे असेच कलावंत एके काळी टोकियोच्या गल्ल्यांतूनही फिरत. १९३० च्या सुमारास जगभर मंदी होती. त्याच वेळी बोलपट आले आणि मूकपटाच्या पडद्याजवळ उभे राहून कथा सांगणाऱ्या 'बेन्शी' नावाच्या निवेदकांवर बेकारीची पाळी आली. त्यांपैकी कित्येकांनी सायकल घेतली, तिच्या मागे एक लहान लाकडी चौकट बसविली आणि चित्रांचा गठ्ठा बरोबर घेतला. ह्या खेळाला 'कामिशिबाई' म्हणजे 'कागदाचे नाटक' असे नाव होते. गल्लीच्या तोंडाशी लाकडी पट्ट्या एकमेकींवर आपटल्या, की मुले धावत येत. आधी गोळ्या-मिठाई विकली जाई. तीच कथेकऱ्याची कमाई. मिठाई घेणारी मुले पुढे बसत, आणि ज्यांच्याजवळ पैसा नसे, ती मागे उभी राहून माना उंचावीत. मग एकेक चित्र चौकटीतून सरकू लागे आणि कथा ऐन रंगात आली, की तो म्हणे, "पुढचे उद्या!"

जपानात १९५३ मध्ये दूरचित्रवाणी आली. प्रारंभी लोक तिला 'विजेची कामिशिबाई' म्हणत. आणि थोड्याच वर्षांत विजेच्या कामिशिबाईने कागदाच्या कामिशिबाईला गल्लीतून घालवून दिले. पण कामिशिबाईचे चित्रकार संपले नाहीत. शिगेरु मिझुकी ह्यांच्यासारखे चित्रकार चित्रकथांच्या मासिकांकडे वळले. त्यांच्या चित्रकथांवर दूरचित्रवाणीच्या मालिका निघाल्या. घराचे छप्पर कोसळले, तरी त्याचे वासे नव्या घराला लागले. जपानी चलच्चित्रांची पकड आज मुलांच्या मनावर बसते, तिच्यात सायकलवरच्या त्या कथेकऱ्याचे काही कसब उतरले आहे. 'पुढचे उद्या' हे शब्द आजही प्रत्येक मालिका आपापल्या रीतीने उच्चारीत असते.

हे ऐकून कोकणातील जाणत्या माणसाला एका गावाची आठवण होईल. सिंधुदुर्ग जिल्ह्यात कुडाळजवळ पिंगुळी नावाचे गाव आहे. तेथील ठाकर समाज पिढ्यान्‌पिढ्या चित्रकथीचा खेळ करीत आला आहे. सुट्या कागदांवर हाताने रंगविलेल्या चित्रांचा एक संच असतो. त्याला 'पोथी' म्हणतात. एका पोथीत एक आख्यान. विषय रामायण-महाभारतातले. रात्री देवळात समईच्या नाहीतर दिवटीच्या उजेडात कथेकरी बसतो, वीणा, हुडुक आणि टाळ ह्यांचा मेळ जमतो, आरंभी गणपती आणि सरस्वती ह्यांचे स्तवन होते आणि मग एकेक चित्र पुढे येऊ लागते. मोठ्या डोळ्यांचे वीर, ताणलेली धनुष्ये, धावणारे घोडे! कागदावरचा घोडा जागचा हलत नाही. परंतु हुडुकाचा ठेका वाढला आणि कथेकऱ्याचा स्वर चढला, की पाहणाऱ्याला तो दौडताना दिसतो. सावंतवाडीच्या संस्थानाने ह्या कलेला आश्रय दिला होता. घाटावर पैठणच्या बाजूलाही अशा चित्रांची परंपरा होती. त्यांतील कित्येक चित्रे पुण्याच्या राजा दिनकर केळकर संग्रहालयात पाहावयास मिळतात.

पिंगुळीची पोथी आणि टोकियोची कामिशिबाई ह्यांत केवढे साम्य आहे! सुटी चित्रे, त्यांचा ठरलेला क्रम, एक कंठ आणि भोवती बसलेली माणसे. ह्यांपैकी एकाने दुसऱ्याचे पाहून उचलले असे नाही. तथापि चित्रे दाखवून कथा सांगण्याची रीत बौद्ध भिक्षूंबरोबर भारतातून मध्य आशियामार्गे चीनमध्ये गेली असावी आणि तेथून पुढे जपानपर्यंत पोचली असावी, असे काही अभ्यासकांचे मत आहे. तसे असेल, तर ही दोन घरे फार लांबच्या नात्याने एकमेकांची आप्त ठरतात.

आणखी एक आप्त नावड्याच्या अगदी जवळ, कल्याणला होता. तेथील महादेव गोपाळ पटवर्धन ह्यांनी १८९२ मध्ये 'शांबरिक खरोलिका' नावाचा खेळ सुरू केला. पुराणातील शंबरासुर मायावी विद्येत निष्णात होता. त्याच्यावरून 'शांबरिक' म्हणजे जादूचा, आणि 'खरोलिका' म्हणजे दिवा. काचांवर बारीक कुंचल्याने रंगविलेली चित्रे दिव्याच्या प्रकाशाने मोठी होऊन पडद्यावर पडत. एकामागून एक काचा सफाईने बदलल्या, की चित्रातील माणसे हलल्याचा भास होई, आणि जोडीला निवेदन व संगीत असे. मुंबईत पहिला चलच्चित्रपट दाखविला गेला तो १८९६ मध्ये. त्याच्या चार वर्षे आधीची ही गोष्ट आहे. जपानातही ह्याच जातीचा 'उत्सुशी-ए' नावाचा खेळ १८०३ पासून चालत होता. युरोपातून आलेला धातूचा दिवा तापे आणि जड होई. म्हणून जपानी कारागिरांनी तो हलक्या लाकडाचा केला. मग कलावंत तो हातात घेऊन कागदी पडद्यामागे धावू लागले आणि पडद्यावरची भुते-माणसेही धावू लागली. हातात असेल त्या साधनाला वळवून घेणे, हा गुण कल्याणकरांत आणि एदोकरांत सारखाच होता.

ह्या दोन देशांचे हात एकाच चित्रावर पडावेत, असा योग विसाव्या शतकाच्या अखेरीस आला. युगो साको नावाचे जपानी चित्रपटकार १९८३ च्या सुमारास पुरातत्त्वज्ञ बी. बी. लाल ह्यांच्या उत्खननांवर माहितीपट काढण्यासाठी भारतात आले होते. त्या निमित्ताने त्यांना रामकथेची गोडी लागली. त्यांनी रामायणाची जपानी भाषांतरे मिळवून वाचली आणि ही कथा चलच्चित्रांतून सांगावी, असे त्यांच्या मनाने घेतले. नट कितीही चांगला असला, तरी तो माणूसच राहतो. देवत्व दाखवायचे, तर ते कुंचल्यानेच दाखविता येईल, अशी त्यांची धारणा होती. इकडे वर्तमानपत्रातून ही बातमी फुटली आणि परकीयाने रामायणाला हात लावू नये, असा निषेध दिल्लीतील जपानी वकिलातीकडे गेला. साको रागावले नाहीत आणि त्यांनी बेत सोडूनही दिला नाही. त्यांनी आपला हेतू समजावून सांगितला, आणि गैरसमज दूर झाला.

परंतु शंका घेणाऱ्यांच्या मनात जे होते, ते अगदीच निराधार नव्हते. ज्याने धोतर नेसलेला माणूस रोज पाहिलेला नाही, त्याने ते चितारावे कसे? येथे मुंबईचे राम मोहन पुढे आले. १९५६ मध्ये ते सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनमधील व्यंगचित्रपट विभागात दाखल झाले होते. डिस्ने संस्थेत काम केलेले क्लेअर वीक्स त्या वेळी मुंबईत आले होते. त्यांच्या हाताखाली राम मोहन ही कला शिकले. पुढे त्यांनी स्वतःची संस्था काढली. साको ह्यांच्या चित्रपटाचे दिग्दर्शन साको, कोइची सासाकी आणि राम मोहन ह्यांनी मिळून केले. भारतीय चित्रकार जपानला गेले. धोतराच्या निऱ्या कशा पडतात, धाकटे थोरांच्या पाया पडतात तेव्हा थोर आशीर्वाद कसा देतात, ह्या गोष्टी त्यांनी जपानी सहकाऱ्यांना करून दाखविल्या. जपानी चित्रकारांनी ते बारकाईने पाहिले आणि पुन्हापुन्हा काढले. सुमारे साडेचारशे कलावंतांनी हाताने काढलेली सुमारे एक लाख चित्रे, वनराज भाटिया ह्यांचे संगीत आणि संस्कृत गीते, असा तो चित्रपट १९९२ मध्ये पुरा झाला. पुढे तो दूरचित्रवाणीवरून भारतातील मुलांना परिचित झाला. चित्रपटगृहांत मात्र तो देशभर लागला तो जानेवारी २०२५ मध्ये. त्या वेळी साको हयात नव्हते. ते २०१२ मध्ये निवर्तले होते. राम मोहनही २०१९ मध्ये गेले होते. ज्यांनी ती चित्रे चालविली, त्यांच्यामागे ती चित्रे चालत राहिली.

साको ह्यांच्या ह्या कथेत एक बोध सहज सापडतो. कथेवर हक्क कोणाचा, असा वाद घालण्यात दिवस गेले असते, तर चित्र निघाले नसते. परंतु 'ज्याचे त्याला विचारून करावे', ही मर्यादा पाळली नसती, तर निघालेले चित्र खोटे ठरले असते. जपानी चित्रकारांनी विचारले आणि भारतीय चित्रकारांनी मनापासून सांगितले. म्हणून त्या रामाच्या धोतराच्या निऱ्या बरोबर पडल्या.

आता पिंगुळीकडे पुन्हा एकदा पाहावे. तेथे दूरचित्रवाणी आली तेव्हा पोथ्यांतील वासे उचलून नव्या घराला लावणारे फारसे कोणी नव्हते. राजाश्रय आधीच गेला होता. देवळातील रात्री ओस पडू लागल्या. कथेकऱ्यांची मुले दुसऱ्या कामधंद्याला लागली. तरीही काही घरांनी हट्ट सोडला नाही. परशुराम गंगावणे ह्यांनी २००६ मध्ये आपल्या गुरांच्या गोठ्याचे संग्रहालय केले आणि तेथे चित्रकथीच्या पोथ्या, कळसूत्री बाहुल्या आणि चामड्याच्या छायाबाहुल्या जतन करून ठेवल्या. २०२१ मध्ये त्यांना 'पद्मश्री' मिळाली. गोठ्यात जपलेल्या चित्रांचा असा देशाच्या राजधानीत गौरव झाला. परंतु चित्रकथी सन्मानचिन्हावर जगत नाही. ती जगते समोर बसलेल्या माणसांवर. कथेकऱ्याचा स्वर चढताना ज्याचा श्वास अडतो, असा एक तरी श्रोता तिला लागतो.

नावड्याच्या मुलांनी निळे मांजर पाहू नये, असे कोण म्हणेल? नोबिताच्या फजितीला हसणारे मूल कोठलेही असो, ते चांगले हसते. प्रश्न एवढाच आहे, की हे मूल केवळ पाहणारे राहणार, की कधी दाखविणारेही होणार? त्याच्याजवळ सांगण्याजोगे काही थोडे नाही. शेताची इमारत कशी झाली, हे ज्याने डोळ्यांनी पाहिले, त्याच्या घरातच एका युगाची कथा आहे. भरतीचे पाणी, आजीची लावणीची गाणी, पहाटे पाळीवर निघालेला कामगार आणि रिकाम्या खळ्यावर रंगलेला क्रिकेटचा डाव, ही सारी चित्रेच आहेत. त्यांना वहीची दहा पाने आणि एक धीट कंठ मिळाला, तर नावड्यातही एक पोथी उभी राहू शकेल. कामिशिबाईवाल्याजवळ ह्याहून अधिक सामग्री नव्हती.

आणि मालिका संपल्यावर पडद्यावर नावांची एक लांबलचक रांग झरझर वर सरकते, तिचीही दखल घ्यावी. बहुतेक घरांत त्या क्षणी दूरचित्रवाणी बंद होते किंवा वाहिनी बदलली जाते. ती नावे परक्या लिपीत असतात. सगळी वाचून होत नाहीत आणि वाचली तरी लक्षात राहत नाहीत. परंतु हात खाली असताना आणि हात वर असताना ह्यांच्या मधली चित्रे ज्यांनी रात्री जागून काढली, ती माणसे त्याच रांगेत कोठेतरी असतात. ती रांग संपेपर्यंत मिनिटभर थांबले, तर काही बिघडत नाही. काळ्या वस्त्रांतील माणसाचा चेहरा त्यामुळे दिसणार नाही. पण तो तेथे आहे, हे ध्यानात येईल.